बिनगुंड्या

अजनीच्या रेल्वे इन्स्टिट्यूटमध्ये
माझा बाप पुस्तकं बांधायचा.
मैद्याची खळ, तिच्यात चिमूटभर मोरचूद,
दाभण, मेण चोळलेला दोरा.
इंग्रजी त्याला आकड्यांपुरतं यायचं,
तेही टाइमटेबलातलं.

दर गुरुवारी मुंबईहून मेलने गठ्ठा यायचा,
बोटीत सहा आठवडे कुबटलेला.
त्यात गार्ड-ड्रायव्हरांच्या पोरांसाठी
विलायतेचं एक साप्ताहिक,
आणि त्याच्या मागच्या पानावर तो:
गुडघे सोललेले, पुढचा दात पडलेला,
सदऱ्याची तिसरी गुंडी कायमची तुटलेली.
खरं नाव मिसेस डिक्रूझ सांगायच्या, दर वेळी.
बापाने ठेवलं बिनगुंड्या.

फुग्यांतलं त्याने कधी वाचलं नाही.
चित्रावर बोट ठेवून मला सांगायचा,
"हे पाय, मास्तर छडी घेऊन येऊन राह्यला
अन् हा लेकाचा कोळशाच्या खोलीत."
नाताळचा अंक फाल्गुनात पोचायचा.
बाहेर चटके बसायला लागलेले,
पानावर गुडघाभर बर्फ.
"जिनिंगमधला कापूस उडाला असंल," बाप म्हणायचा.
मी बरीच वर्षं तेच धरून चालले.

लढाईआधी सुरू झालेला तो, माझ्याही आधी.
लढाईत कागद आटला, पान अर्ध्यावर आलं,
बिनगुंड्या भंगार गोळा करत हिंडला,
आईची चांगली कढई देऊन आला, मार खाल्ला.
मग रंग परतला, आधी नुसता लाल.
काढणाऱ्याची सही कुठेच नसायची,
तसा नियमच होता म्हणे त्यांच्याकडे.
बापाची तरी कुठे होती?
जिल्दीच्या अस्तराखाली पेन्सिलीने एक तारीख,
बस.

एकसष्टचा मे.
वाळ्याच्या ताट्यांवर पाणी मारून तो गठ्ठ्याला बसला
आणि जरा वेळाने हाक आली, "पाय बे."
पोरीलाही तो बे-च म्हणायचा.
कान लहान झालेले. नाकाला बाक.
आणि तिसरी गुंडी जागेवर,
गोल, दोन भोकांची, ठसठशीत.
"हात बदलला," बाप म्हणाला.
"पह्यलेवाला गेला असंल."
त्या दुपारी त्याने डबा उघडला नाही.
दाढीचं जुनं पातं घेतलं
आणि गुंडी खरवडून काढली.

चार आठवडे, चार अंक, चार गुंड्या.
पाचव्यात ती मुळातच नव्हती.
मी म्हटलं, तिथल्या पोरांनी पत्रं धाडली असतील.
"धाडू दे," तो म्हणाला,
"आपन बी सांगतलंच ना."

पुढे इन्स्टिट्यूटची लायब्ररी किलोने गेली.
मी तीन खंड सायकलवर घातले.
बाकीचे अंक बर्डीच्या फुटपाथवर, निखाडेंच्या ढिगात,
कधी सालभर गाठ नाही, कधी एकदम नऊ.
आणखी दोन हात बदलले, मी कानांवरून ओळखलं.
मास्तरच्या हातातली छडी गेली, खडू आला.
कोळशाची खोली जाऊन तिथे फ्रीज.
मी ड्रॉइंगची बाई झाले, चष्मा लागला, रिटायर झाले,
हा नऊ वर्षांचाच.

यंदा भाच्याने लेस्टरहून शेवटचा अंक धाडला.
विमानाने, पाच दिवसांत, वास नसलेला.
अखेरच्या चौकटीत कोपऱ्यातून एक हात आलाय,
सुई-दोरा घेऊन.
पुढे चौकट नाही.
हात कुणाचा ते दाखवलेलं नाही, आणि खाली,
पहिल्यांदाच, चार नावं छापलीत.
दोन वेळा वाचली, तिसऱ्यांदा मोठ्याने.

मग एकसष्टचा खंड काढला, खिडकीशी धरला.
खळ अजून धरून आहे, कसर लागलेली नाही.
गुंडीच्या जागी कागद इतका पातळ झालाय
की पाठच्या पानावरच्या,
दुसऱ्याच कुठल्या गोष्टीतल्या कुत्र्याचा
एक डोळा
त्यातून दिसतो.